भाग दोनचं रिकामं पाकीट

नागपूरजवळच्या वाडीतल्या माझ्या गोदामात धनराजने ठेवलेले फिल्मचे नऊ डबे मी स्वतःच्या हाताने खदानीच्या पाण्यात टाकले आणि त्याला सांगितलं की ते चोरीला गेले. हे वाक्य सहा वर्षं मी कोणापुढे उच्चारलं नव्हतं. धनराज जाऊन आता सात आठवडे होतील. त्या दिवशी सकाळी मी गोदामात ट्रकवाल्यांच्या पावत्या पाहत होतो. फोनवर धनराजच्या आईचा नंबर दिसला. आम्ही दोघंही तिला मायच म्हणायचो. माय फोन करत नसे, धनराजच करायचा. नंबर पाहिल्याबरोबर माझ्या मनात पहिला विचार आला तो मित्र गेल्याचा नव्हता. हिला कळलं, हाच विचार आला. फोन उचलला तेव्हा ती फक्त एवढंच म्हणाली, "विजू, ये गा लवकर." तिचा आवाज ऐकून काय झालं ते समजलं, आणि क्षणभर मला सुटल्यासारखं वाटलं. मग रडू आलं. पण आधी काय आलं ते मला माहीत आहे.

धनराज आणि मी शाळेपासूनचे. त्याचं घराणं कोष्ट्यांचं, आजोबांपर्यंत हातमागावर. वडील शामराव यांनी माग सोडून हिंगण्याच्या एका कारखान्यात फिटरची नोकरी धरली. धनराज पाच वर्षांचा असताना ते काविळीने गेले. घरात त्यांचा एकच फोटो होता, लग्नातला, आणि ओल लागून त्यात नेमका नवऱ्या मुलाचा चेहरा गेला होता. मुंडावळ्या दिसायच्या, खांदे दिसायचे, मधे पिवळा डाग. तो फोटो मायने कधी काढला नाही. चेहऱ्याचं विचारलं की ती म्हणायची, आता नीट डोळ्यांपुढे येत नाही. प्रताप नगरातल्या त्यांच्या घरात तो अजून भिंतीवर आहे.

पोटापाण्यासाठी धनराज लग्नांच्या व्हिडिओचं मिक्सिंग करायचा. हळदीपासून पाठवणीपर्यंत सगळं तीन तासांत बसवून द्यायचं, गुलाबाच्या पाकळ्या उडवायच्या, गाणी टाकायची. त्यातून जे कापून फेकायचं ते तो फेकत नसे. त्याचं खरं काम तिथून सुरू झालं. दुसऱ्यांनी चित्रित करून टाकून दिलेल्या फिल्मांमधून, टेपांमधून तो स्वतःचे छोटे चित्रपट करायचा. कॅमेरा हातात घेऊन त्याने स्वतः जवळजवळ काही चित्रित केलं नाही. त्याचा पहिला चित्रपट चौदा मिनिटांचा होता आणि त्यात चाळीस लग्नांतली माणसं फक्त हॅलोजनच्या उजेडाने डोळे बारीक करताना दिसत. म्हातारे, नवऱ्या, वाढपी, एकामागून एक. एका कॉलेजच्या हॉलमध्ये आम्ही पंधरा-वीस जणांनी तो पाहिला. संपल्यावर एका सरांनी विचारलं की यात कथा कुठे आहे. धनराज म्हणाला, "सर, चाळीस लग्नं झाली, सगळे जेवून गेले, आता अजून काय पायजे?" सगळे हसले. मला मात्र तो चित्रपट पाहताना कसंतरी झालं होतं. आपण पाहिले जातोय हे कळायच्या आधीची माणसं होती ती. त्यांच्याकडे बघणं चोरून बघण्यासारखं वाटत होतं.

सहा वर्षांपूर्वी हिंगण्यातला एक बंद पडलेला कारखाना रिकामा होत होता. शामराव काम करायचे तोच. ऑफिसचं सामान भंगारात, कबाड्याकडे गेलं आणि त्यात फिल्मचे अकरा डबे आहेत, हे धनराजच्या कानावर आलं. त्याने ते मिळवले. कारखान्याने पूर्वी कामगारांना दाखवायला केलेल्या फिल्मा होत्या त्या: मशीन कशी साफ करायची, आग लागली तर काय करायचं, अपघात कसे टाळायचे. त्याच्या वरच्या खोलीचं छप्पर टिनाचं, उन्हाळ्यात तिथे भाजून निघायचं. म्हणून दोन डबे त्याने घरी नेले आणि नऊ माझ्या गोदामात ठेवले. माझ्या भिंती उंच आहेत, आत थंड असतं. मी स्वतःच म्हणालो होतो, ठेव, तुझीच जागा आहे.

ते वर्ष आठवतं ते मे महिन्यासकट. एका दुपारी आमच्या समोरच्या रांगेतलं गाद्यांचं गोदाम पेटलं. फोमचा धूर काळाकुट्ट, जमिनीलगत सरपटत आला. मी रस्त्यावर उभा राहून पाहत होतो. आतला एक हमाल बाहेर आला तो हात पुढे धरून, कोणाला काही द्यायला निघाल्यासारखा, आणि त्याच्या हातांची कातडी... नको. तो वाचला एवढंच सांगतो.  पण त्या दिवसापासून गोदामात शिरलो की आधी नाक वर करून हुंगायचो. चौथ्या-पाचव्या दिवशी माझा हमाल म्हणाला, "भाऊ, त्या डब्याईतून वास येऊन राहिला." मी गेलो. आंबट, व्हिनेगरसारखा झोंबणारा वास होता. मोबाइलवर शोधलं, तर पहिल्याच ओळीत आलं की जुन्या फिल्मा उन्हाळ्यात आपोआप पेटतात आणि एकदा पेटल्या की विझत नाहीत. मी अर्धंच वाचलं. पुढचं वाचायला थांबलोच नाही.

धनराजला फोन करायला हवा होता. दोन मिनिटांचं काम होतं. पण तो म्हणाला असता, थांब, मी येतो, संध्याकाळी बघू. आणि मला संध्याकाळपर्यंत थांबायचं नव्हतं. नऊ डबे मी गाडीत टाकले आणि अमरावती रोडच्या आतल्या बाजूला असलेल्या जुन्या खदानीवर गेलो. तिथे गिट्टी काढणं कधीच बंद झालं होतं, खाली हिरवं पाणी होतं. टाकताना एका डब्याचं झाकण निघालं आणि फिल्मचं टोक माझ्या हातात आलं. का कोण जाणे, मी ते उन्हाकडे धरून पाहिलं. चार-पाच चौकटी होत्या, नखाएवढ्या. एक माणूस. खाकी शर्ट, डाव्या कानावर पेन्सिल, मान जराशी तिरपी. तो हसत होता. वरचे दात दिसत होते, पुढच्या दोन दातांत फट. सरळ माझ्याकडे बघत होता. मग मी तो डबाही टाकला.

बारा दिवसांनी धनराज धावतच गोदामात आला. त्याने घरचे दोन्ही डबे उघडले होते. त्यांपैकी एकात अपघाताच्या फिल्मचा पहिला भाग निघाला. त्यात अकरा सेकंद एक कामगार पाठमोरा चालत दाराकडे जातो. वडिलांच्या सोबतचे मानकरकाका होते, त्यांना त्याने ते दाखवलं. काका म्हणाले, हा शामराव, चाल पाहा. मायनेही पाहिलं आणि तीही तेच म्हणाली. आणि काकांनी सांगितलं की दुसऱ्या भागात शामराव समोरून आहे, त्याला बोलायचं काम होतं. "विज्या, भाग दोन तुह्याकडे हाये," धनराज म्हणाला. "मी बापाचा चेहरा पाहणार हाये बे." त्याच्या तोंडावरचा आनंद मला सहन होईना. मी त्याला कोपऱ्यातली रिकामी जागा दाखवली आणि म्हणालो, चोरी झाली, डब्यांच्या पत्र्यासाठी कोणीतरी नेले, तुला कसं सांगू म्हणून थांबलो होतो. तोंडातून ते इतकं सहज निघालं की मीच चमकलो. तो खाली एका गठ्ठ्यावर बसला. थोड्या वेळाने माझ्याच पाठीवर हात ठेवून म्हणाला, "जाऊ दे गा. तू काय करशीन त्याले."

मग शोध सुरू झाला. दर शनिवारी तो मला घेऊन कबाड्यांची दुकानं पालथी घालायचा. मोटरसायकल माझी, मागे तो. मी चालवत होतो आणि मला माहीत होतं की आपण कुठेच चाललेलो नाही. एका कबाड्याने एकदा म्हटलं, "भाऊ, लोक पोरगी पाहायले फिरतात, तुमी डबे पाहून राहिले." धनराज त्याला म्हणाला, "मी बाप पाहून राहिलो." मी गाडीचा आरसा पुसत उभा होतो. मला सतत भीती वाटायची की एखाद्या दिवशी कोणीतरी हमाल, कोणीतरी चहावाला सहज म्हणेल, अरे, ते डबे तर भाऊनीच नेले. माझ्या हमालाला मी दुसऱ्या महिन्यात दुसऱ्या गोदामात लावून दिलं. त्याला कारण सांगितलं नाही. त्यानेही विचारलं नाही, आणि त्याच्या न विचारण्याचीही मला भीती वाटली.

त्याच दिवसांत धनराजने मला एकदा सहज सांगितलं की पेटणाऱ्या फिल्मा आपल्या जन्माच्या आधीच बंद झाल्या. ज्यांना आंबट वास येतो त्या दुसऱ्या जातीच्या. त्या पेटत नाहीत, नुसत्या हळूहळू आकसत जातात, म्हणून घाई करावी लागते. हे तो माझ्या गोदामात बसून, चहा पिताना सांगत होता. मी बशीत चहा ओतत राहिलो. बशी भरून पँटवर सांडला तरी ओतत होतो.

दुसरा भाग मिळत नाही म्हटल्यावर त्याने त्या अकरा सेकंदांवर काम धरलं. डॉक्टरांकडे एक्स-रे पाहायची उजेडाची पेटी असते, तशी एक जुनी पेटी त्याने आणली होती. तिच्यावर फिल्म ठेवायची, एकेक चौकट कॅमेऱ्याने टिपायची. अकरा सेकंदांच्या दोनशे चौसष्ट चौकटी. खिडकीला चादर लावून भर दुपारी तो खोलीत बसायचा, कूलर पायाशी. एकेक चौकट त्याने इतकी लांबवली, इतकी जवळ आणली की माणूस विरघळून नुसते ठिपके उरत आणि ठिपक्यांतून परत पाठ तयार होई. मायला एकदा त्याने हे कॉम्प्युटरवर दाखवलं तेव्हा मी तिथे होतो. ती बराच वेळ बघत राहिली आणि म्हणाली, "वळत काहून नाई हा?"

त्या चित्रपटाला त्याला आवाज हवा होता. मानकरकाकांच्या ट्रंकेत दुसऱ्या भागाचे संवाद टाइप केलेला कागद निघाला होता. गोष्ट साधी होती. मशीनची जाळी ढिली झाल्याचं एका कामगाराला दिसतं, तो कोणाला सांगत नाही, आणि दुसऱ्याचा हात जातो. शामरावांना न सांगणाऱ्या कामगाराचं काम दिलं होतं. शेवटी तो साहेबांपुढे उभा राहतो आणि बोलतो. धनराज म्हणाला, तुझा आवाज जड आहे, तू म्हण. मी नाही म्हणालो, घसा बसलाय म्हणालो, तो ऐकेना. आवाज नको म्हणून पंखा बंद, कूलर बंद, दार-खिडक्या बंद. मी मायची गोधडी डोक्यावरून घेऊन माइकसमोर बसलो आणि म्हणालो, "साहेब, चूक माझी होती. जाळी ढिली आहे हे मला माहीत होतं. मी वेळेवर सांगितलं नाही." नऊ वेळा म्हणायला लावलं त्याने. गोधडीच्या आत मला माझाच श्वास ऐकू येत होता. मला वाटत होतं की याला कळलंय, हा मला बोलतं करतोय. नवव्या वेळेला बाहेर आलो तेव्हा शर्ट ओला चिंब होता. त्याने मला पाण्याचा तांब्या दिला आणि म्हणाला, "आता खरं वाटलं. पयले आठ नाटक होते."

चित्रपटाचं नाव त्याने 'दोनशे चौसष्ट' ठेवलं. पहिल्यांदा दाखवला तेव्हा हॉलमध्ये दिवे गेल्यावर मी दाराजवळची खुर्ची धरली. बावीस मिनिटं ती पाठ दाराकडे चालत होती, आणि वरून माझा आवाज. एका जागी धनराजने चौकट इतकी मोठी केली होती की पडदाभर फक्त डोक्याची डावी बाजू उरली. कानावर पेन्सिल होती. तोपर्यंत मी स्वतःला सांगत आलो होतो की मी पाहिला तो दुसरा कोणी असेल, कारखान्यात काय एकच माणूस होता? ती पेन्सिल दिसली आणि ती पळवाट संपली. ज्या चेहऱ्यासाठी हा माणूस तीन वर्षं नागपूर पालथं घालतोय, तो चेहरा सगळ्यांत शेवटी मी पाहिला होता, आणि तो माझ्याजवळ होता. डबे बुडवले ती एक गोष्ट. पण चेहरा सांगता आला असता. फट असलेले दात, तिरपी मान... तेवढं तरी द्यायला हवं होतं. ते देण्यासाठी आधी डब्यांचं सांगावं लागलं असतं. म्हणून दिलं नाही.

पुढच्या उन्हाळ्यात मी एकटाच खदानीवर गेलो. पाणी उतरलं होतं. काठाच्या चिखलात फिल्मचा एक तुकडा मिळाला, वीतभर. धुऊन पाहिला तर त्याच्यावर काहीच नव्हतं. पाण्याने चित्र सुटून गेलं होतं, उरली नुसती पारदर्शक पट्टी. ती मी ऑफिसच्या ड्रॉवरमध्ये ठेवली. ड्रॉवर उघडताना रोज ती दिसायची आणि रोज मी ड्रॉवर लवकर लावायचो.

धनराजची मूत्रपिंडं गेली ते कळायलाच उशीर झाला. आठवड्यातून दोनदा डायलिसिस. मी न्यायचो, आणायचो. लोक म्हणायचे मित्र असावा तर असा. त्या शब्दाने मी आतून आकसायचो. शेवटच्या भेटीत, जाण्याच्या दोन दिवस आधी, मशीन सुरू होतं, त्याचा हात माझ्या हातात होता. म्हणाला, "विज्या, तुले एक विचारू?"  आता आलं, असं वाटलं. तो म्हणाला, "डोळे मिटले तर तुले तुह्या बापाचा चेहरा दिसते का?" मी म्हणालो, दिसतो. तो छताकडे बघत म्हणाला, "मले पाठ दिसते." मग म्हणाला, "भाग दोन कुठं तरी असन गा. तू शोधत राय."

मी हो म्हणालो. त्याच्या कानाशी वाकून चार शब्द सांगायचे होते. मशीनचा आवाज होता, कोणी ऐकलंही नसतं. मी त्याची चादर नीट केली.

तो गेल्यावर भीती संपेल असं मला वाटलं होतं. उलट ती आता माझ्या सोबत एकटी राहिली. तेरवी झाली, धनराजची वरची खोली आवरायला मायला कोणीतरी हवं होतं म्हणून गेल्या रविवारी दुपारी प्रताप नगरला गेलो. खिशात ती पट्टी होती. वर गेलो तर माय एक्स-रेच्या पेटीसमोर बसलेली. पेटी लावलेली, पांढरा उजेड तिच्या तोंडावर. ती पदराने काच पुसत होती. धनराज कामाला बसण्याआधी पुसायचा तशीच, वरून खाली. रोज दुपारी लावते म्हणाली, बंद ठेवली तर खराब होईल. बाजूला धनराजची पाकिटं रचलेली होती, प्रत्येकावर त्याच्या अक्षरात नाव. सगळ्यांत वरच्यावर 'भाग दोन' लिहिलं होतं. ते रिकामं होतं. सहा वर्षं त्याने ते तयार ठेवलं होतं.

मी पट्टी काढून काचेवर ठेवली. मायने वाकून पाहिलं. "याच्यात तं काईच नाई," ती म्हणाली. मग मी सांगितलं. गाद्यांच्या गोदामापासून सांगितलं, डब्यांचा वास, खदान, चोरीचं खोटं, कबाड्यांकडच्या चकरा, सगळं. मला वाटलं होतं ती ओरडेल, हाकलून देईल. त्याचीच भीती सहा वर्षं होती. तिने पट्टी काचेवर सरळ केली. मग एवढंच विचारलं, "तुनं पायलं त्यायले?"

मी म्हणालो, पाहिलं. चार-पाच चौकटी. खाकी शर्ट, डाव्या कानावर पेन्सिल.

"दात?"

दिसत होते. पुढच्या दोन दातांत फट. मान तिरपी करून हसत होते.

मायने डोळे मिटले. तिच्या ओठांवर काहीतरी आलं आणि गेलं. "हासू नका म्हटलं का हासतच," ती म्हणाली. "लग्नाच्या फोटोतही हासले होते. भटजी रागावले होते त्यायच्यावर..." मग डोळे उघडून तिने माझ्याकडे पाहिलं. "हे धन्याले काहून नाई सांगतलं रे तुनं? एवढंसं होतं. दात सांगतले असते, तरी त्यानं बाप उभा केला असता."

पेटीचा उजेड आमच्या दोघांच्या मधे होता. मी तिच्या पायांपाशी बसलो होतो आणि मला उत्तर शोधावं लागलं नाही, ते नऊ वेळा म्हणून झालं होतं. मी म्हणालो, "माय, चूक माही होती. मले माहीत होतं. म्या येळेवर सांगतलं नाई."